वीटभट्टीतली मारामारी

दिवाळी अंकात लिहिण्याचा मला काही अधिकार आहे असं मला वाटत नाही. नोकरीच्या आठवणी लिहिणाऱ्यांची नोकरी तरी मोठी असते, नाहीतर वय तरी. माझं दोन्ही नाही. या अंकाचे संपादक आमच्या कॉलेजात मराठी शिकवतात. वर्गात आखाती युद्धाचा विषय निघाला तेव्हा मी बोलून गेलो, "सर, मी तेव्हा रियाधमध्ये होतो." सगळा वर्ग मागे वळून पाहू लागला. तासानंतर सर म्हणाले, "लिहा." मी म्हटलं, मी सैनिक नव्हतो, पत्रकारही नव्हतो, व्हिडिओ कॅसेटच्या दुकानात होतो. सर म्हणाले, "मग तेच लिहा." वाचून कुणाला हा आगाऊपणा वाटला, तर त्यातला थोडा दोष सरांकडेही जातो एवढं लक्षात घ्यावं.

आमच्या घरातून कॉलेजात गेलेला मी पहिला. वडील एसटी डेपोत गाड्या धुतात. पहिलं वर्ष झालं आणि घरी अडचण आली. ती सगळ्यांच्या घरी येते तशीच होती, म्हणून तिच्याबद्दल लिहीत नाही. कॉलेज सुटलं. वडिलांच्या ओळखीचे अब्दुल्लाभाई पूर्वी डेपोत ड्रायव्हर होते आणि आता रियाधला पाण्याचा टँकर चालवत होते. त्यांनी माझ्यासाठी व्हिसा मिळवला. पहिल्या दिवसापासून ते मला 'कॉलेज' म्हणत. नावाने हाक मारलेली मला आठवत नाही.

दुकान अल सुलैमध्ये होतं. रियाधच्या कडेचा हा भाग. गोदामं, गॅरेजं, लोखंडाची यार्डं आणि तिथे राबणाऱ्यांचे कॅम्प. दुकान आमच्या कफीलच्या, म्हणजे व्हिसा देणाऱ्या सौदी मालकाच्या, नावावर होतं, पण तो गुरुवारी संध्याकाळी येऊन चहा पिऊन जायचा. खरं दुकान चालवायचे हैदराबादचे करीमभाई. मी त्यांच्या हाताखाली.

तिथे सिनेमा थिएटर नव्हतं. पिक्चर पाहायचा तर व्हीसीआरवर, कॅम्पच्या खोलीत. एका खोलीत पाकिस्तानी, येमेनी, फिलिपिनो आणि आपली माणसं, मध्ये एक टीव्ही. हिंदी पिक्चर लावला की फिलिपिनो उठून जायचा. इंग्रजी लावला की येमेनी झोपायचा. फायटिंगचा लावला की मात्र कुणी हलत नसे. फायटिंग म्हणजे हाँगकाँगचे कुंग-फूचे जुने पिक्चर. त्यात कोण काय बोलतो ते कुणालाच कळत नसे, आणि कुणाचं काही अडतही नसे. लाथ सगळ्यांना समजते.

बाहेरच्या माणसाला वाटेल, व्हिडिओच्या दुकानात काम ते काय, कॅसेट द्यायची आणि घ्यायची. तसं नव्हतं. आलेली प्रत्येक कॅसेट आधी आम्ही पाहायची. उघडी बाई, दारू किंवा मूर्ती दिसली की तेवढा भाग गाळायचा, कारण तपासणी व्हायची आणि दुकान बंद पडू शकत होतं. गाळायचा म्हणजे कात्रीने नाही. दोन व्हीसीआर जोडायचे, एकात मूळ कॅसेट, दुसऱ्यात कोरी, आणि नको तिथे कोऱ्या कॅसेटचं रेकॉर्डिंग थांबवायचं. मूर्तीचं फार अवघड होतं. फायटिंगच्या पिक्चरमधला हिरो शिकायला बहुतेक वेळा देवळातच जातो. आमच्या कॉपीत तो घरातून निघायचा आणि पुढच्या क्षणी सगळी विद्या शिकून डोंगर उतरत असायचा. करीमभाई म्हणायचे, "देखो मियाँ, क्या तेज बच्चा है. गया और सीख को आ गया."

पॉज दाबला की मशीन किंचित मागे सरकतं. ते धरून बोट उचलावं लागतं, नाहीतर जोडावर पडदा हिसका खातो. माझा जोड दिसत नसे. करीमभाई स्वतः या धंद्यात दहा वर्षं मुरलेले, पण नाजूक जागा आली की मला बोलावत. आतापर्यंतच्या आयुष्यात मला नीट जमलेली ही एकच कारागिरी आहे, म्हणून सांगितली.

दुसरं म्हणजे झीज. लोक फाइट आली की मागे नेऊन पुन्हा पाहत. एकाच जागी टेप घासली जाई आणि काही महिन्यांनी तिथे पांढरे ठिपके उडू लागत. म्हणजे जी मारामारी लोकांना सगळ्यात आवडली, ती आधी पुसली जायची. ठिपके फार झाले की करीमभाई तो भाग गाळून नवी कॉपी काढत. ते म्हणत, ठिपके दिसले तर गिऱ्हाईक भांडतं, सीनच नसला तर कुणाशी भांडणार?

गिऱ्हाइकांना हिरोंची नावं पाठ होती. पण आमच्या दुकानात एका दुय्यम नटाला वेगळा मान होता. उभट चेहरा, जाड भुवया, कधी मिशी, कधी डोक्याचा गोटा. तो खलनायकाच्या उजव्या हाताला उभा असे. उंच लाथ मारायचा, अगदी सरळ रेषेत. पहिल्या अर्ध्या तासात दोन-चार चांगल्या माणसांना मारायचा आणि शेवटच्या मारामारीच्या जरा आधी हिरोच्या हातून मरायचा. प्रत्येक पिक्चरमध्ये. तलवारीने, भाल्याने, एकदा तर दोन बोटांनी. तो मेला की खोलीतले सगळे एका आवाजात "खलास!" ओरडत. त्यावरून त्याचं नाव पडलं खलासभाई. कव्हरवर त्याचं नाव नसायचं, असलं तरी दर वेळी निराळं. गिऱ्हाईक येऊन विचारायचं, "खलासभाई की कोई नयी आयी?" आणि मी काढून द्यायचो. त्याचे पिक्चर कोणते, ते मला पाठ झालं होतं.

एका दुपारी अब्दुल्लाभाई टँकर लावून दुकानात आले. टीव्हीवर खलासभाई नुकताच मरत होता. अब्दुल्लाभाई पाहतच राहिले.

"अरे कॉलेज, हा आमच्या कोरियन कॅम्पचा फोरमन आहे."

करीमभाई हसले. "भाई, धूप लगी क्या?"

"शप्पत सांगतो. रोज मी तिथे पाणी ओततो. रोज हा मला शिव्या घालतो. मी ओळखणार नाही?"

"तो लेको आव. चाय पिलाते."

पुढच्या आठवड्यात अब्दुल्लाभाई त्याला खरंच घेऊन आले. पिवळं हेल्मेट, छातीवर कंपनीचा बिल्ला, केस पांढरे व्हायला लागलेले. मिशी नव्हती. मी पाहिलं आणि माझ्या हातातली कॅसेट खाली पडली. नाव मिस्टर चॉन. इंग्रजी, अरबी आणि यार्डातली हिंदी एकत्र करून ते बोलत. ते नीट मांडणं मला जमणार नाही, म्हणून बहुतेक मराठीतच लिहितो.

करीमभाईंनी चहा मागवला आणि लगेच म्हणाले, "साब, थोड़ा गिर के दिखाओ ना."

चॉननी खालची फरशी पाहिली. "माफी. सिमेंट." तिथल्या अरबीत माफी म्हणजे 'नाही'. मग माझ्याकडे वळले. "सदीक, दोस्त, तू मला मार."

मी नको नको म्हणत असताना त्यांनी माझी मूठ धरून हवेत नेली आणि सोडली. त्यांच्या गालापासून ती बरीच लांब होती. पण त्यांचं डोकं असं फिरलं, खांदा असा मागे गेला आणि ते शेल्फवर असे आदळले की मला वाटलं मी त्यांचा जबडा मोडला. मी माफी मागू लागलो. अब्दुल्लाभाई पोट धरून हसत होते. "कॉलेज, बघ रे, तू हिरो झालास!"

चॉन उठून बसले आणि म्हणाले, "हेच काम. मारणारा फाइट करत नाही. मार खाणारा करतो. हिरोची लाथ किती जोराची आहे, ते मी पडून सांगायचं."

त्यानंतर ते सुटीच्या दिवशी येऊ लागले. आम्ही त्यांचे पिक्चर लावायचो आणि ते सांगायचे. तरुणपणी ते कोरियात तायक्वांदो शिकवत. हाँगकाँगच्या कंपन्या कोरियात शूटिंगला येत तेव्हा त्यांना उंच लाथ मारणारी माणसं हवी असत. तसे ते गेले आणि मग हाँगकाँगलाच राहिले. एका कंपनीचं शूटिंग सकाळी, दुसऱ्या कंपनीचं दुपारी. सकाळी मिशी लावून मरायचं, दुपारी मिशी काढून मरायचं. आवाज कुणाचाच घेत नसत, नंतर दुसरे लोक भरत. त्यामुळे ज्याला जी भाषा येते ती तो बोलायचा. एकाला चिनी यायची नाही, दुसऱ्याला इंग्रजी नाही. "मी हिरोला धमकी देतोय ना इथे? मी म्हणतोय, भूक लागली, जेवण अजून कसं आलं नाही." आम्ही तो सीन पुन्हा लावला. खलासभाई डोळे वटारून, बोट रोखून बोलत होते. त्यानंतर तो सीन मला कधी गंभीरपणे पाहता आला नाही.

गुडघा गेला तेव्हा काम संपलं. हिरो म्हातारा झाला तर गुरूचं काम करतो. पडणारा म्हातारा झाला की घरी जातो. ते बांधकाम कंपनीत लागले आणि रियाधला आले. हे सांगताना त्यांचा आवाज बदलला नाही. सांगायचं म्हणून सांगितलं, एवढंच.

मग तो ऑगस्ट आला. इराकने कुवेत घेतलं. कुवेतहून आलेल्या गाड्या अल सुलैमधून जाताना दिसत. छपरावर गाद्या, काचांवर धूळ, आत मुलं. आमच्या दुकानात आधी गर्दी वाढली. बातम्यांनी माणसं घाबरत होती आणि फायटिंग पाहून त्यांचा वेळ जात होता. जानेवारीत युद्ध सुरू झालं आणि रियाधवर क्षेपणास्त्रं येऊ लागली. गर्दी एकदम ओसरली. ज्यांना जमलं ते लांब पश्चिमेला जेद्दा, मक्का, ताइफकडे निघून गेले. काचांवर आम्ही खाकी टेपच्या फुल्या मारल्या. गॅसचे मास्क आले. करीमभाईंच्या दाढीवर मास्क बसेना, कडेने हवा जायची. अब्दुल्लाभाई म्हणाले, दाढी काढा. करीमभाई म्हणाले, "जाव मियाँ, ये चेहरा देख को गॅस खुद भागता." आम्ही हसलो. पण संध्याकाळ झाली की मास्क प्रत्येकाच्या हाताशी असे.

त्या दिवसांत चॉन एकदा भर दुपारी आले. कंपनी आपल्या माणसांना बसने जेद्दाला आणि तिथून कोरियाला पाठवणार होती. शुक्रवारी सकाळी त्यांची बस. त्यांना एक पिक्चर हवा होता. त्याचं इथलं नाव त्यांना माहीत नव्हतं. "एक फाइट आहे. विटांची भट्टी. मी आणि एक पोरगा."

करीमभाई लगेच म्हणाले, "भट्टीवाली! उसको तो बच्चा बच्चा जानता."

आमच्या दुकानात सगळ्यात जास्त गेलेली कॅसेट तीच. मी काढून लावली. खलासभाई भट्टीच्या दारातून आत शिरले, समोर एक तरुण पोरगा वळला, आणि पुढच्या क्षणी हिरो पोराच्या थडग्यापाशी बसून रडत होता.

चॉन म्हणाले, "फाइट?"

करीमभाईंना त्यात अभिमानच वाटत होता. "साब, लोगां घिस डाले. इतना देखे, इतना देखे कि ठिपके ही ठिपके. निकाल दिया."

चॉननी हेल्मेट काढून मांडीवर ठेवलं. मग सांगितलं. तो पोरगा त्यांचा धाकटा भाऊ. चॉननीच त्याला हाँगकाँगला नेलं होतं. बाकी पिक्चरमध्ये तो दुसऱ्याच्या जागी उड्या मारायचा, पाठ दिसायची, तोंड नाही. तोंड दिसेल असं काम त्याला या एकाच पिक्चरमध्ये मिळालं. त्यानंतर थोड्याच दिवसांनी दुसऱ्या शूटिंगला तो उंचावरून पडला आणि गेला. चॉन त्या दिवशी वेगळ्या कंपनीच्या कामावर होते. त्यांना दुसऱ्या दिवशी कळलं. आईने त्यांना त्याबद्दल कधी एक शब्द विचारला नाही. पण ती आता म्हातारी झाली होती आणि गेल्या फोनवर म्हणाली होती, "त्याचा चेहरा मला नीट आठवेनासा झालाय."

"शुक्रवारच्या आत कॅसेट पाहिजे," ते म्हणाले. "टीव्ही, व्हीसीआर सगळं मी आधीच बोटीने घरी पाठवलंय. इथली कॅसेट त्यावरच चालते."

मी आणि करीमभाईंनी ओळखीच्या सगळ्या दुकानांत फोन केले. निम्मी बंद होती. उरलेल्यांकडे आमचीच कॉपी होती, तीच भट्टी, तीच गायब मारामारी. बुधवारी अब्दुल्लाभाई पाणी घेऊन आले तेव्हा मी त्यांना हे सांगितलं. त्यांनी कपाळावर हात मारला.

"अरे माझ्या मेव्हण्याकडे आहे की! ताइफला. मीच कॉपी काढून दिली होती तुमच्याकडून, नवी होती तेव्हा."

"त्यांच्याकडे झिजली नसेल?"

"तो हॉस्पिटलात लॅबमध्ये आहे रे. त्याच्या बायकोला मारामारी बघवत नाही. कॅसेट कपाटात."

ताइफ म्हणजे एका बाजूनेच जवळजवळ दिवसभराचा रस्ता. पण त्याच दिवशी त्यांच्या कंपनीतला एक सुपरवायझर बायकामुलांना ताइफला नेणार होता आणि त्याला गाडी चालवायला माणूस हवा होता. अब्दुल्लाभाई टँकरची किल्ली दुसऱ्याला देऊन गेले. जाताना मला म्हणाले, "शुक्रवारपर्यंत मी आलो नाही, तर त्या खलासला सांग, रस्ता जाम होता. विसरला म्हणून सांगू नको."

गुरुवारची दुपार मी दारातून हललो नाही. दुपारच्या नमाजानंतर आमचं शटर अर्धं खाली असे. चॉन येऊन बसले होते. चहा गार झाला. करीमभाई त्यांचं मन रमवायला दुसरे पिक्चर लावत होते, पण चॉन पडद्याकडे पाहत नव्हते. रातोरात मिळेल त्या गाडीने परतून अब्दुल्लाभाई शटरखालून वाकून आत आले तेव्हा त्यांच्या अंगावर प्रवासाची सगळी धूळ होती. कॅसेट त्यांनी शर्टाच्या आत ठेवली होती. "ऊन लागू नये म्हणून," म्हणाले.

मी लावली. या वेळी भट्टीत पोरगा वळला आणि मारामारी सुरू झाली.

तिच्याबद्दल काय लिहू? मी शेकडो मारामाऱ्या पाहिल्या आहेत. पण ते दोघं भाऊ आहेत हे कळल्यावर पाहिलेली ही पहिलीच. मोठ्याची लाथ कुठे येणार, ते धाकट्याला आधी माहीत होतं. विटांचे थर कोसळत होते, धूर होता, आणि दोघंही एकमेकांना सांभाळून घेत होते. इतके दिवस मी समजत होतो की ते एकमेकांना मारत आहेत. मध्ये एका जागी धाकटा उडी मारून मोठ्याच्या छातीवर लाथ मारतो, आणि मोठा विटांच्या ढिगात कोसळतो. धाकटा बाहीने घाम पुसतो आणि कॅमेऱ्याच्या बाजूला कुणाकडे तरी पाहून हसतो.

"शॉट संपला असं त्याला वाटलं," चॉन म्हणाले. "डायरेक्टरने ते तसंच ठेवलं."

मग मोठा ढिगातून उठतो. हातात भट्टीतली लोखंडी सळई. पुढचं सगळ्यांच्या लक्षात आलं असेल. पिक्चरमध्ये मोठा भाऊ धाकट्याला मारतो. सळई पाठीतून बाहेर येते. पोरगा डोळे उघडे ठेवून मरतो.

करीमभाईंनी मशीन थांबवलं.

अब्दुल्लाभाई म्हणाले, "हे तुम्ही आईला दाखवणार?"

"पिक्चर आहे," चॉन म्हणाले.

"पिक्चर आहे हे आपल्याला ठाऊक. आईच्या डोळ्याला काय ठाऊक?"

करीमभाई माझ्याकडे वळले. "मियाँ, निकाल देंगे. अपना तो रोज का काम है. गिरने तक रखो, आगे खलास."

मला ते पटत नव्हतं. बाई, दारू आणि मूर्ती गाळणं वेगळं. हे कुणी सांगितलेलं नव्हतं, आणि आम्ही कोण ठरवणारे? मी तसं म्हणालोही, पण फार हळू. मोठ्यांसमोर मला ठामपणे बोलता येत नाही, अजूनही येत नाही. अब्दुल्लाभाई म्हणाले, "कॉलेज, तुझी आई असती तर?" सगळ्यांनी चॉनकडे पाहिलं.

ते म्हणाले, "काढ. त्याला जिंकू दे."

मी दोन मशीन जोडली. सुरुवातीपासून सगळा पिक्चर उतरवला. ती जागा जवळ आली तेव्हा चॉन माझ्या खुर्चीमागे येऊन उभे राहिले. "हसू पूर्ण आलं पाहिजे," म्हणाले. मोठा पडला. धाकट्याने बाही कपाळावर फिरवली, बाजूला पाहिलं, हसला. मी पॉज दाबला. मोठ्याचा हात ढिगातून वर येण्याच्या अगदी आधी. नंतर त्या पोराचा उल्लेख येतो ते सीनही गाळले, थडग्याचा आणि हिरोच्या शपथेचा. पिक्चर फार लंगडा झाला. हिरो शेवटी सगळ्यांना का मारतो, तेच कळत नव्हतं. पण जोड दिसत नव्हते.

चॉननी नवी कॅसेट टॉवेलात गुंडाळून पिशवीत ठेवली. मूळ अब्दुल्लाभाईंनी मेव्हण्याची म्हणून परत घेतली. शटरखालून बाहेर पडताना चॉननी माझा हात दोन्ही हातांत धरला आणि काहीतरी कोरियन भाषेत म्हणाले. त्याचा अर्थ मला माहीत नाही. शुक्रवारी बस वेळेवर गेली असं अब्दुल्लाभाईंनी सांगितलं.

युद्ध संपलं. दुकान पुन्हा भरलं. भट्टीवाल्या पिक्चरला तीच मागणी होती, तीच गाळलेली कॉपी. मी आणखी काही काळ काम केलं, घरची अडचण सरली आणि परत आलो. कॉलेजात पुन्हा पहिल्यापासून नाव घातलं. वर्गात मी सगळ्यांपेक्षा मोठा आहे. मधूनमधून मनात यायचं, म्हातारीने ती कॅसेट पाहिली असेल का, आणि आम्ही तिला जे दाखवलं ते बरोबर होतं का. कळायला मार्ग नव्हता.

या मे महिन्यात अब्दुल्लाभाई सुटीवर आले आणि वडिलांना भेटायला आमच्याकडे आले. आईने त्यांच्यासमोर सरबत ठेवलं. दोन घोट घेतले आणि मला म्हणाले, "कॉलेज, तुझ्या खलासभाईची खबर आहे."

"परत आले ते?"

"कंपनी आली, तो पण आला. पहिल्याच दिवशी टँकर बघून धावत आला. मला वाटलं, पुन्हा शिव्या देणार. तर विचारतो, ती ताइफची कॅसेट आहे का? सगळी पाहिजे म्हणाला. न कापलेली."

"का?"

"म्हातारीने चूक काढली तुझी." अब्दुल्लाभाई हसले, पण लगेच हसू आवरलं. "त्यांच्या सणाला सगळं घर जमलं होतं. याने कॅसेट लावली. धाकट्याने याला पाडलं तशी पोरंटोरं टाळ्या वाजवायला लागली. म्हातारी गप्प. पिक्चर संपल्यावर म्हणाली, हे खरं नाही. हा लहानपणी तुला कधी पाडू शकला नाही. तू पडलास की उठायचासच. उठल्यावर काय झालं ते कुठाय?"

वडीलही ऐकत होते.

"मग याने सांगून टाकलं. म्हणाला, आई, पुढे मी त्याला मारतो. माझ्या हातात मरतो तो. म्हणून काढलं. याला वाटलं, आता ही रडेल, नाहीतर उठून जाईल."

"मग?"

"ती म्हणाली, खरा मेला तेव्हा त्याच्याजवळ कोणीच नव्हतं. तिथे तरी तू होतास ना? मग ते मला बघायचंय."